पेलेन्नोरच्या लढाईत बातमीचे मोल

वाटाड्या

टॉल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मधील पेलेन्नोरची लढाई म्हटली, की बहुतेक वाचकांच्या डोळ्यांसमोर तीन प्रसंग उभे राहतात: पहाटे रोहनच्या स्वारांनी घातलेला घाला, शत्रूच्या पिशाच्चवत सेवकांच्या, म्हणजे नाझ्गूलांच्या, म्होरक्याचा रोहनच्या राजाची भाची एओविन हिच्या हातून झालेला शेवट आणि नदीतून वर येणारी काळी जहाजे. या तिन्ही प्रसंगांवर आजवर पुष्कळ लिहिले गेले आहे आणि ते योग्यच आहे. तथापि हा भाग सलग वाचताना मला दर वेळी असे जाणवते, की तलवारी भिडण्यापूर्वीच निकालाचा बराचसा भाग बातमीने ठरवून टाकला होता. कोणत्या पक्षाला काय ठाऊक होते, ते किती वेळेवर कळले आणि कळलेल्यातले खरे किती, याचा माग काढत गेलो तर ही लढाई बरीच निराळी दिसू लागते. त्यावर सविस्तर चर्चा व्हावी म्हणून हा धागा काढत आहे.

ज्यांना तपशील आठवत नसतील त्यांच्यासाठी थोडी पार्श्वभूमी देतो. तिसऱ्या युगाचे ३०१९ वे वर्ष आणि मार्चची १५ तारीख. एका बाजूला मॉर्डोरचा अधिपती सॉरॉन, आणि त्याच्या हुकमाखाली ऑर्क, ट्रोल, दक्षिणेकडील हाराद देशाचे सैनिक व त्यांचे महाकाय हत्ती, पूर्वेकडील टोळ्या आणि खांदचे लोक. दुसऱ्या बाजूला गोंडोरचे राज्य, ज्याची राजधानी मिनास तिरिथ ही डोंगराला लागून एकावर एक अशा सात तटांमध्ये वसलेली आहे. शहरासमोरचे सुपीक मैदान म्हणजे पेलेन्नोर, आणि त्याला वेढणारी बाहेरची लांबलचक भिंत. गोंडोरच्या गादीवर राजा नाही. पिढ्यान्‌पिढ्या कारभारीच राज्य चालवत आले आहेत आणि या वेळी तो अधिकार डेनेथोरकडे आहे. मदतीची आशा आहे ती घोडेस्वारांच्या रोहनकडून आणि तिथल्या वृद्ध राजाकडून, म्हणजे थिओडेनकडून.

डेनेथोरने निकड कळवण्यासाठी हिर्गोन नावाच्या जासुदाबरोबर रोहनला लाल बाण पाठवला. थिओडेनने त्याला स्पष्ट सांगितले, की बरे दिवस असते तर दहा हजार भाले पाठवले असते, आता मात्र आपले गडकोट उघडे टाकता येत नाहीत; तरीही किमान सहा हजार स्वार घेऊन मी स्वतः येईन. हा निरोप घेऊन हिर्गोन परत फिरला. पुढे रोहनचे सैन्य शहराजवळ आल्यावर एल्फहेल्म या सरदाराच्या माणसांना वाटेत दोन प्रेते सापडली. त्यांतील एक हिर्गोनचे असावे, असा एल्फहेल्मचा अंदाज होता. मुंडके उडवलेले होते, पण लाल बाण मुठीत तसाच होता. खुणांवरून दिसत होते की पडले तेव्हा ते दोघे पश्चिमेकडे धावत होते. म्हणजे परतताना त्यांना बाहेरच्या भिंतीपाशी शत्रू आधीच पोहोचलेला दिसला, शहरात शिरता येईना, म्हणून ते मागे वळले आणि कापले गेले. आपण निघाल्याची खबर डेनेथोरला पोहोचलेलीच नाही आणि तो आपली आशा सोडून देईल, हे थिओडेनला त्या क्षणी उमगते. मला हा सगळ्या वेढ्यातला सर्वांत महत्त्वाचा मृत्यू वाटतो.

आता शत्रूकडे पाहा. सॉरॉनजवळ पालान्तीर आहे, म्हणजे दूरचे दाखवणारा गोल स्फटिक. त्याच जातीचा, ऑर्थांक नावाच्या मनोऱ्यातला स्फटिक अ‍ॅरागॉर्नच्या हाती आल्यावर त्याने ६ मार्चला त्यातून मुद्दाम स्वतःला सॉरॉनसमोर उभे केले. गोंडोरच्या गादीचा वारस जिवंत आहे आणि त्याच्याजवळ पुन्हा घडवलेली तलवार आहे, ही बातमी शत्रूला मिळाली ती अगदी खरी होती. खऱ्याच बातमीने सॉरॉनला घाई केली आणि सर्व तयारी पुरी होण्याआधी त्याने घाव घातला. जादूचा डोळा ज्याच्याजवळ, तोच बातमीच्या फासात अडकला. उलट, ज्यांच्याजवळ कसलीही जादू नव्हती त्या रानातल्या माणसांनी रोहनच्या सैन्याला दिलेली माहिती तंतोतंत उपयोगी पडली. इतरांचे मत जाणून घ्यायला आवडेल.

शिलेदार

वाटाड्या, हिर्गोनचा प्रसंग नेमका टिपला आहे, त्याबद्दल आभार. परंतु निकाल बातमीने ठरवला हे मला मान्य नाही. या लढाईतले मुख्य हत्यार भीती आहे आणि टॉल्किन यांनी ते प्रकरणाच्या प्रत्येक पानावर दाखवले आहे.

वेढ्याच्या रात्री काय घडते ते आठवावे. शत्रूची यंत्रे आधी आगीचे गोळे फेकतात आणि शहराचा पहिला भाग पेटतो. त्यानंतर जे येऊन पडते त्याने आवाजही होत नाही, आगही लागत नाही: जवळच्या ऑस्गिलियाथ या उद्ध्वस्त शहरात आणि मैदानात पडलेल्या सैनिकांची मुंडकी, कपाळावर शत्रूच्या डोळ्याची खूण डागलेली. काही जण त्यांत आपल्या ओळखीचे चेहरे पाहतात. वरून नाझ्गूलांची किंकाळी ऐकू येते आणि चांगल्या जिगरबाज माणसांच्या हातून शस्त्रे गळून पडतात. अशा तटावर उभ्या असलेल्या शिपायाला रोहनची कुमक दोन दिवसांत येत आहे असे कोणी सांगितले असते, तरी त्याच्या हातातली तलवार परत उचलली गेली असती का? मला शंका आहे. दरवाजा फुटल्यावर तर सगळेच मागे पळतात आणि कमानीखाली एकटा जादूगार गँडाल्फ घोड्यावर उरतो. त्याच्याजवळही त्या घटकेस रोहनची बातमी नव्हती, तरी तो जागचा हलला नाही.

थिओडेनचेही तसेच. मैदानाच्या कडेला पोहोचल्यावर, जळते शहर पाहून तो घोड्यावर वाकून बसतो आणि शेजारी असलेल्या मेरी या बुटक्या हॉबिटला वाटते की राजा आता माघारी वळणार. त्याला हवी ती सगळी माहिती मिळालेली असते: वाट कोणती, शत्रू कुठे, भिंत कुठे पडली आहे. तरी तो थबकतो. मग वारा बदलतो, दूर लखकन उजेड पडतो, मोठा धडाका ऐकू येतो आणि म्हातारा राजा एकदम ताठ होतो. ध्वज धरणाऱ्या गुथलाफच्या हातून तो शिंग हिसकून घेतो आणि इतक्या जोराने फुंकतो की ते शिंगच फुटते. फुटलेल्या शिंगापाशी लढाईचे पारडे फिरले, असे माझे म्हणणे आहे. बातमीने माणूस रणांगणापर्यंत येतो; तिथून पुढचे पाऊल ज्याचे त्याने टाकायचे असते.

तटबंदी

दोघांचेही वाचले. मी वेढ्याच्या बाजूने थोडे मांडतो, कारण सॉरॉनच्या बेताकडे आपण पुरेसे लक्ष देत नाही. माझ्या मते तो बेत उत्तम होता आणि त्यात घाईपेक्षा आखणी अधिक दिसते.

शहराचा बाहेरचा तट कशाचा आहे? ऑर्थांकचा मनोरा ज्या काळ्या, गुळगुळीत, अभेद्य दगडासारख्या पदार्थाचा आहे, त्याच प्रकारचा. त्यावर गोळे मारून काही होणार नाही, हे शत्रूचा सेनापती ओळखून आहे. म्हणून तो तट फोडायच्या फंदातच पडत नाही. बाणांच्या टप्प्याबाहेर खंदक खणून त्यांत आग पेटवतो, त्यांच्या आडोशाला यंत्रे उभी करतो आणि तटाच्या डोक्यावरून आत मारा करतो. शहराच्या तटावर इतक्या लांब पोहोचणारे एकही यंत्र नसते. मग सगळा जोर एका ठिकाणी, म्हणजे मुख्य दरवाजावर. त्यासाठी ग्रोंड नावाचा शंभर फूट लांबीचा ओंडका, पुढे काळ्या पोलादाचे लांडग्याचे तोंड, ओढायला प्रचंड जनावरे आणि हाणायला डोंगरी ट्रोल. तीन तडाख्यांत काम होते, आणि त्या तडाख्यांआधी नाझ्गूलांचा म्होरक्या जे शब्द उच्चारतो त्यांचा वाटा किती आणि पोलादाचा किती, हे लेखकाने मोजून सांगितलेले नाही.

पण खरी चलाखी दक्षिणेला आहे. उम्बारच्या चाच्यांचे आरमार, पन्नास मोठी जहाजे आणि असंख्य लहान होड्या, नदीच्या मुखाकडे सरकते एवढ्यानेच दक्षिणेकडील परगण्यांची माणसे घरे सोडायला तयार होत नाहीत. लॉस्सारनाखचा फोर्लोंग दोनशे माणसे घेऊन येतो, जिथे त्याच्या दहापट अपेक्षित होती. मॉर्थोंडचे पाचशे तिरंदाज, डोल आम्रोथच्या इम्राहिलबरोबर त्याचे सरदार आणि सातशे शिपाई, किनाऱ्यावरचे शंभरएक कोळी; बाहेरून आलेली सगळी कुमक तीन हजारांच्याही आत भरते. एकही बाण न सोडता सॉरॉनने गोंडोरची निम्म्याहून अधिक ताकद घरी बसवली. दुसरीकडे रोहनहून येणाऱ्या रस्त्यावर त्याने वेगळी फौज आडवी घातली. वेढा, हूल आणि नाकेबंदी असे तिन्ही डाव एकाच वेळी.

यात एकच सांधा कच्चा होता. दक्षिणेचे आरमार हरले तर मिनास तिरिथसमोरच्या सैन्याला ते कळणार कसे, याची काहीही तजवीज नव्हती. त्यामुळे वाटाड्यांच्या मुद्द्याला मी अर्धा दुजोरा देतो. बातमीची उणीव शत्रूलाही भोवली, आणि ती उणीव घाईमुळे राहिली असावी, हे पटण्यासारखे आहे.

अबोली

एक शंका आहे. चित्रपटात पिशाच्चांचे सैन्य जहाजांतून उतरते आणि क्षणात सगळे रणांगण साफ करते. ते मूळ कथेत असेल तर मग बातमी काय आणि भीती काय, दोन्ही मुद्दे फोल ठरतात. मी कादंबरी अर्धीच वाचली आहे, म्हणून विचारते.

वाटाड्या

अबोली, शंका रास्त आहे. २००३ च्या चित्रपटात तसे दाखवले आहे, परंतु कादंबरीत मृतांची ती सेना पेलेन्नोरला येतच नाही. अ‍ॅरागॉर्न त्यांना पेलार्गिरच्या बंदरापर्यंत नेतो. तिथे त्यांना पाहून जहाजांवरचे चाचे पाण्यात उड्या टाकतात. त्यांच्या तलवारी अजून कापू शकत होत्या की नाही, हे पाहणाऱ्यांनाही सांगता येत नाही, कारण भीतीखेरीज दुसऱ्या शस्त्राची त्यांना गरजच पडली नाही. शिलेदारांच्या बाजूचा हा सर्वांत बळकट पुरावा मीच देऊन टाकतो. तिथेच त्यांचे जिवंतपणी मोडलेले वचन पुरे झाले असे अ‍ॅरागॉर्न जाहीर करतो आणि ते नाहीसे होतात.

पुढे शहराकडे निघालेल्या जहाजांत जिवंत माणसे होती: उत्तरेहून आलेले अ‍ॅरागॉर्नचे मोजके सोबती, लेबेन्निन व लामेडोनचे लोक, आणि वल्ह्यांना साखळदंडाने बांधलेले गुलाम, ज्यांना नुकतेच मोकळे केले होते. यांतले बरेचसे गुलाम हे गोंडोरमधूनच पळवून नेलेले होते. सुरुवातीला प्रवाहाविरुद्ध वल्ही मारत जावे लागले आणि वेग फारच कमी होता. मध्यरात्रीनंतर समुद्राकडून वारा सुटला तेव्हा शिडे भरली. हाच वारा रोहनच्या सैन्यातल्या विडफाराला पहाटेपूर्वी जाणवतो. जे घरी बसले होते तेच दक्षिणेचे लोक, भय दूर होताच, जहाजांत चढले. तटबंदी यांनी वर्णन केलेली हूल अशी उलटली.

अरण्यक

इतक्या चर्चेत रानातल्या माणसांचा म्होरक्या गान-बुरी-गान याचे नाव अजून कोणी घेतले नाही, याचे मला वाईट वाटते. ‘रानातल्या माणसांनी दिलेली माहिती’ एवढ्या चार शब्दांत वाटाड्यांनी त्याला आटोपले. त्याच्याविषयी थोडे सविस्तर लिहितो.

रोहनचे सैन्य द्रुआदानच्या जंगलात अंधारात अडकलेले आहे. पुढच्या रस्त्यावर शत्रूची फौज आहे आणि ती संख्येने जास्त आहे. रात्रभर दूरवर ढोल वाजत आहेत. अशा वेळी एक बुटका, दगडासारखा गाठाळ म्हातारा राजासमोर येऊन बसतो. राजाचा भाचा एओमेर त्याला शत्रूच्या संख्येविषयी विचारतो, तेव्हा या रानटी माणसाला मोजता तरी कुठे येणार, असा भाव त्यात दडलेला आहे आणि म्हाताऱ्याला तो कळतो. तो उत्तर देतो की आम्ही आकाशातले तारे, झाडांची पाने आणि अंधारातली माणसेही मोजतो. तुम्ही विसांच्या वीस, दहा वेळा आणि आणखी पाच वेळा, इतके आहात. हिशेब करून पाहा: वीस गुणिले वीस म्हणजे चारशे, आणि चारशे गुणिले पंधरा म्हणजे सहा हजार. थिओडेनने हिर्गोनला जो आकडा सांगितला होता तोच, एका माणसाचाही फरक न करता. जंगलात, अंधारात, झाडाआडून मोजलेला.

मग तो एक जुनी वाट दाखवायला तयार होतो. गोंडोरच्या भरभराटीच्या काळात खाणींतून दगड वाहून आणण्यासाठी गाड्यांचा जो रस्ता बांधला होता, तो दरीतून जातो. मध्ये चार घोडे बाजूबाजूने चालू शकतील एवढा रुंद, दोन्ही तोंडांना अरुंद. गोंडोरने तो बांधला आणि गोंडोरच विसरून गेला. ज्यांना माणसात धरले जात नव्हते त्यांच्या स्मरणात तो शाबूत राहिला. दगा होणार नाही याची हमी म्हणून म्हातारा स्वतः राजाच्या बाजूने चालतो आणि सांगतो की चुकीच्या वाटेने नेले तर मला मारा.

मोबदला काय मागतो हे महत्त्वाचे आहे. थिओडेन त्याला बक्षीस आणि मैत्री देऊ करतो. म्हातारा म्हणतो की मेलेली माणसे कोणाचे मित्र नसतात. जगलात, तर आमच्या लोकांना जंगलात सुखाने राहू द्या आणि जनावरांसारखी आमची शिकार करू नका. याचा सरळ अर्थ असा की आजवर ती शिकार होत होती आणि ती करणाऱ्यांत हे ‘आपल्या बाजूचे’ लोकच होते. युद्धानंतर अ‍ॅरागॉर्न त्या जंगलाजवळून जाताना दवंडी पिटून ते अरण्य गानच्या लोकांना कायमचे देतो आणि त्यांच्या परवानगीशिवाय कोणी आत जाऊ नये असे फर्मावतो. वचन पाळले गेले, ही समाधानाची गोष्ट. तथापि या माणसाला खबऱ्याच्या पंक्तीला बसवू नये अशी माझी विनंती आहे. तोही त्या लढाईतला एक पक्ष आहे, आणि त्याने आपल्या अटीवर बाजू घेतली.

मृण्मयी

अरण्यक, आपला प्रतिसाद मनापासून आवडला. एओविन आणि मेरी या दोघांकडेही त्याच नजरेने पाहावे असे मला वाटते, कारण त्यांनाही मोजणीत कोणी धरले नव्हते.

एओविनवर थिओडेनने मागे राहून प्रजेचा कारभार पाहण्याची जबाबदारी टाकली होती. मेरीला तर घोड्यांच्या वेगाला तुझा उपयोग नाही असे सांगून मागे राहायला लावले होते. एओविन डर्नहेल्म या नावाने, पुरुषाच्या वेषात, त्याला आपल्या घोड्यावर पुढे बसवून नेते. सैन्याच्या यादीत हे दोघे कुठेच नाहीत. थिओडेनचा घोडा उधळून त्याच्याच अंगावर कोसळतो, राजाचे रक्षक पडतात किंवा त्यांचे घोडे त्यांना दूर घेऊन जातात, आणि त्या जागी उरतात ते हे दोघे, जे कोणाच्याही हिशेबाप्रमाणे तिथे असायलाच नको होते.

वाटाड्यांच्या बातमीच्या मुद्द्याला इथे एक वेगळे वळण मिळते. नाझ्गूलांच्या म्होरक्याविषयी सुमारे हजार वर्षांपूर्वी, तिसऱ्या युगाच्या १९७५ साली, फोर्नोस्टच्या लढाईनंतर ग्लोरफिंडेल या एल्फ सरदाराने भविष्य सांगितले होते की तो पुरुषाच्या हातून पडणार नाही. म्होरक्याला हे ठाऊक आहे आणि त्याच बळावर तो गर्जना करतो. बातमी अक्षरशः खरी होती. त्याने तिचा अर्थ तेवढा आपल्या सोयीचा लावला. समोरचा शिपाई शिरस्त्राण काढतो, केस मोकळे होतात आणि पहिल्यांदाच तो गप्प होतो. एओविनच्या धाडसाइतकेच मला हे त्याचे गप्प होणे लक्षात राहिले आहे.

मेरीच्या हातातल्या सुऱ्याची कहाणी अनेकजण वाचताना ओलांडून जातात. तो उत्तरेकडील जुन्या थडग्यांत सापडलेला, आणि तो घडवणाऱ्यांचे शत्रुत्व नेमके याच म्होरक्याशी होते, तो उत्तरेकडील आंगमारवर राज्य करत होता तेव्हाचे. दुसऱ्या कोणत्याही पात्याने, मग ते कितीही बलवान हातात असते तरी, तशी जखम झाली नसती असे लेखक सांगतो. घडवणारे विस्मृतीत गेले, त्यांचे राज्य बुडाले, आणि त्यांचे काम एका अर्ध्या उंचीच्या माणसाने, गुडघ्यामागे वार करून, पुरे केले. पाते जळून जाते.

यानंतर लोक एओविनला मृत समजून थिओडेनच्या शेजारी पालखीसारखे वाहून नेत असतात. वाटेत इम्राहिल भेटतो. तो खाली वाकतो, आपल्या हातावरचे चकचकीत चिलखत तिच्या ओठांजवळ धरतो आणि त्यावर धूसर वाफ साचलेली पाहतो. एवढ्या गदारोळात एका माणसाला हे तपासून पाहण्याचे सुचले. त्या दिवसातली सर्वांत उपयोगी बातमी मला ती वाफ वाटते.

नदीकाठ

एक बाजू अजून राहिली आहे, ती म्हणजे पराभूतांची. हारादचे हत्ती, लाल कपड्यांतले त्यांचे सैनिक, पूर्वेकडील परशूधारी टोळ्या, हे सगळे कथेत बहुतांशी लांबून, गर्दी म्हणूनच दिसतात. दिवस मावळेपर्यंत बाहेरच्या भिंतीच्या आत शत्रूचा एकही जिवंत माणूस उरला नाही असे वर्णन आहे. त्यांतले बरेच जण शरण न जाता लढले, आणि त्यांच्या शौर्याचा उल्लेख लेखकाने केलेला आहे, पण त्यांची नावे आपल्याला माहीत नाहीत. ज्या सर्पध्वजाच्या सरदाराला थिओडेनने मारले त्याचेही नाव नाही. हे मला खटकते, आणि या कादंबरीवर जीव असूनही खटकते.

त्याला उत्तर कादंबरीतच, दुसऱ्या ठिकाणी, अंशतः मिळते. इथिलियनच्या चकमकीत एक हारादी सैनिक सॅम या हॉबिटच्या पुढ्यात मरून पडतो, तेव्हा सॅमच्या मनात येते की याचे नाव काय असेल, हा खरोखर दुष्ट होता का, की कसल्या खोट्या गोष्टींनी किंवा धमक्यांनी याला घरापासून इतक्या दूर आणले. खोट्या गोष्टींनी, हे शब्द वाटाड्यांच्या विषयाशी थेट जोडलेले आहेत. सॉरॉनने आपल्या मांडलिकांना या युद्धाविषयी काय सांगितले होते? राज्याभिषेकानंतर अ‍ॅरागॉर्न शरण आलेल्या पूर्वेकडच्यांना मोकळे करतो, हारादशी तह करतो आणि मॉर्डोरच्या गुलामांना नूर्नेन सरोवराभोवतीची जमीन देतो. तहाचा तपशील एका वाक्यापलीकडे जात नाही. मला त्यावर एक अख्खे प्रकरण वाचायला आवडले असते.

शिलेदार

सर्वांचे प्रतिसाद वाचून माझा आक्षेप अधिक नेमका मांडतो. काळी जहाजे दोन माणसांना दिसली. डेनेथोरला त्याच्याजवळच्या पालान्तीर स्फटिकातून आणि एओमेरला रणांगणातल्या टेकाडावरून. दोघांनीही एकच अर्थ काढला की उम्बारचे चाचे आले आणि आपण संपलो. म्हणजे दोघांजवळची बातमी सारखीच आणि सारखीच चुकीची.

आता वागणूक पाहा. थिओडेन पडल्यावर एओमेरने संतापाच्या भरात घाला घातला होता आणि त्या संतापानेच त्याला अडचणीत आणले होते. त्याचे स्वार शत्रूच्या फळीतून आरपार निघून गेले, पण हत्तींच्या जवळ घोडे जाईनात आणि बाकीचे सैन्य मागे तुटले. तरीही जहाजे दिसल्यावर तो पायउतार होऊन ढालींची भिंत उभारायचे ठरवतो, ध्वज रोवतो आणि तलवार उगारून जहाजांकडे पाहून हसतो. डेनेथोर मात्र आपल्या जखमी पण जिवंत मुलाला, फॅरामिरला, बरोबर घेऊन चितेवर चढतो. हिर्गोन जिवंत परतला असता तरी डेनेथोरचे काय झाले असते? चिता रचली जात होती तोवर रोहनची शिंगे वाजून गेली होती. मदत आल्याचे कळूनही त्याने मशाल हाती घेतली. बातमी सारखी असता निकाल वेगळा लागत असेल, तर निकाल माणसाच्या आतल्या कशाने तरी लागतो, असेच म्हणावे लागेल.

वाटाड्या

शिलेदार, या धाग्यातला हा सर्वांत कसोटीचा प्रश्न आहे, म्हणून सावकाश उत्तर देतो. अरण्यक यांची सूचना मान्य करून गानच्या बाबतीत ‘बाजू घेतली’ हेच शब्द यापुढे वापरीन.

एओमेर आणि डेनेथोर यांच्यातला फरक आपण स्वभावाचा मानता, आणि त्यात तथ्य आहे. परंतु दोघांना बातमी मिळण्याची रीत सारखी नाही. एओमेरने जहाजे पाहिली ती उघड्या डोळ्यांनी, शेवटच्या घटकेला. आणि थोड्याच वेळात पुढच्या जहाजावर अ‍ॅरागॉर्नची वाग्दत्त वधू अर्वेन हिने विणलेला ध्वज उलगडला, पांढरे झाड, सात तारे आणि मुकुट दिसले, तेव्हा त्याचा समज तिथल्या तिथे दुरुस्त झाला. डेनेथोरने पाहिले ते मनोऱ्याच्या माथ्यावरच्या बंद खोलीत, एकट्याने, आणि दाखवण्याची मुखत्यारी दुसऱ्याकडे असताना. सॉरॉन त्याला खोटे दाखवू शकत नव्हता, पण कोणते खरे दाखवायचे हे ठरवू शकत होता. जहाजे खरी होती. जहाजांत कोण आहे हे तेवढे त्याला दिसले नाही. दीर्घकाळ अशाच निवडक खऱ्यावर पोसलेल्या माणसाला रोहनची शिंगे ऐकू आली तरी ती त्याच्या लेखी उशिराची आणि अपुरी ठरतात. म्हणून हिर्गोन कोणत्या दिवशी पोहोचला असता याला माझ्या दृष्टीने महत्त्व आहे. शेवटच्या सकाळी त्याचा उपयोग झाला नसता, हे कबूल. तीन रात्री आधी झाला असता, असे मला वाटते.

डेनेथोरच्या निराशेची किंमत फक्त त्याच्या घराण्याने चुकवली असेही नाही. दरवाजापाशी गँडाल्फ बाहेर पडायच्या बेतात असताना पिपिन हा हॉबिट धावत येऊन चितेची हकिकत सांगतो. गँडाल्फला तिथल्या तिथे निवड करावी लागते, आणि तो पिपिनला सांगतो की मी फॅरामिरला वाचवायला गेलो तर दुसरे कोणी मरतील. नाझ्गूलांचा म्होरक्या मैदानात उतरतो तेव्हा त्याला तोंड देऊ शकणारा माणूस शहराच्या वरच्या तटांत फॅरामिरला आगीतून ओढून काढत असतो. थिओडेनच्या मृत्यूपर्यंत जाणारा हा धागा मला तरी त्या बंद खोलीपासूनच निघालेला दिसतो.

आता तारखा. परिशिष्टातली कालगणना पाहिली तर १३ मार्चला तीन नोंदी एकाखाली एक आहेत. त्या दिवशी पेलेन्नोर शत्रूच्या ताब्यात जाते आणि फॅरामिर जखमी होतो. त्याच संध्याकाळी, मुलाला आत आणल्यानंतर, डेनेथोर मनोऱ्यावर जातो, तिथे क्षीण उजेड लुकलुकताना लोकांना दिसतो आणि तो खाली येतो तेव्हा त्याचा चेहरा मुलापेक्षाही अधिक मेलेला दिसतो. त्याच दिवशी अ‍ॅरागॉर्न पेलार्गिरला पोहोचून आरमार ताब्यात घेतो. आणि त्याच दिवशी थिओडेन द्रुआदानच्या जंगलात असतो. डेनेथोर स्फटिकात पाहत होता तेव्हा जहाजे अ‍ॅरागॉर्नच्या हाती आली होती की काही घटकांनी येणार होती, हे कालगणनेत दिलेले नाही. तटबंदी यांनी पेलार्गिरच्या प्रसंगातल्या वेळा जुळवून पाहिल्या, तर त्यावर पुढे बोलता येईल.